अर्ध्यावर थांबलेला स्लॅब

आमच्या कोर्टात त्यांचं खरं नाव फक्त पगारपत्रकाला ठाऊक होतं. बाकी सगळ्यांचे ते डिंकभाऊ.

ते बेलिफ होते. न्यायाधीशांनी सही केलेला कागद ज्याच्या त्याच्या हातात नेऊन द्यायचा, हे त्यांचं काम. कुणी घ्यायला नकार दिला, किंवा पुढच्या दाराला कुलूप घालून मागच्या दारानं पोबारा केला, तर कागद दारावर डकवायचा आणि तसा अहवाल लिहायचा. त्यासाठी पिशवीत डिंकाची बाटली. सरकारी डिंक पाण्यासारखा पातळ, कागद संध्याकाळपर्यंतही टिकत नाही, म्हणून हे घरी स्वतः डिंक भिजवून आणत. त्यावरून नाव पडलं आणि मग तेही त्यांच्या डिंकासारखंच पक्कं चिकटलं.

मी त्याच कोर्टात टंकलेखिका. माझं टेबल आणि बेलिफांचं बाक यांच्यामध्ये एक लोखंडी कपाट, एवढंच अंतर. एकवीस वर्षं हुकूम मी टाइप केले आणि त्यांनी नेऊन दिले. ते कधीकधी म्हणायचे, "बाई, तुमचं बरं आहे. तुम्ही अक्षरं बघता. ती वाचताना माणसाचा चेहरा कसा होतो, ते मला बघावं लागतं."

माणूस उंच, किडकिडीत, खांद्यात जरा वाकलेला. शर्टाचं गळ्याचं बटणसुद्धा लावलेलं. बोलणं हळू. घाईचं त्यांना वावडंच होतं. पण उशीरही कधी केला नाही. त्यांचे अहवाल तर आख्ख्या कचेरीत करमणुकीचा विषय. दुसरा बेलिफ लिहील, 'घर बंद, कागद दारावर डकवला.' डिंकभाऊ लिहिणार, 'दार निळे, डाव्या फळीस चीर. कुलूप बाहेरून नाही. तीन वेळा हाक मारली. आतून कुत्रे भुंकले व कोणीतरी त्यास गप्प केले.' आमचे नाझर, म्हणजे सगळ्या बेलिफांचे साहेब, एकदा वैतागून म्हणाले, "अहो, कुत्रं भुंकलं हे न्यायाधीशांना कशाला सांगताय?"

"कुत्रं भुंकलं ते सोडा साहेब, पण ते आपणहून गप्प झालेलं नाही," डिंकभाऊ म्हणाले.

नाझरांनी अहवाल गुपचूप पुढे पाठवला. त्यातल्या त्या कुत्र्यामुळे तो पक्षकार घरातच होता हे सिद्ध झालं, असं नंतर वकील सांगत होते.

आता ज्या दिवसाची गोष्ट सांगायची आहे, त्या दिवशी सकाळी कोर्ट सुरू होताहोता एक वकील तातडीचा अर्ज घेऊन आले. त्यांच्याबरोबर पन्नाशीचा एक माणूस होता. बसचा कंडक्टर म्हणून नोकरी केलेला, नुकताच घरी बसलेला. शहराच्या कडेला त्याच्या वडिलांची एक जागा होती. वडील वारले, कागदावर अजून त्यांचंच नाव. आणि त्या जागेवर त्याची थोरली बहीण दोन खोल्या बांधत होती. बहीण इस्पितळात नर्स. तिचं म्हणणं, शेवटची चार वर्षं वडिलांचं सगळं मी केलं, त्यांनी जागा मला दिली आणि तसं स्वतःच्या हातानं लिहून ठेवलं. कंडक्टरचं म्हणणं, आजारी माणसाच्या थरथरत्या सहीला काय अर्थ. त्या जागेची विहीर मी वडिलांबरोबर खणली, कुंपण मी घातलं, आणि मला साधं विचारलंही नाही.

न्यायाधीशांनी कागद पाहिले. जागा कुणाची हे पुढे ठरेल, पण तोवर बांधकाम पुढे गेलं तर निस्तरणं कठीण होईल, म्हणून त्यांनी तात्पुरता मनाई हुकूम दिला. पुढच्या तारखेपर्यंत जागा आहे तशी ठेवायची, बांधकाम जागच्या जागी थांबवायचं. हुकूम मीच टाइप केला. नेहमीचाच मजकूर होता, माझी बोटं तो झोपेतही टाइप करतील. शाई वाळते न वाळते तोच डिंकभाऊ कागद घेऊन बसथांब्याकडे निघाले.

पुढचं मी काही त्यांच्याकडून ऐकलं, काही त्या नर्सताईंकडून.

डिंकभाऊ जागेवर पोचले तेव्हा तिथे स्लॅबचं काम जोरात चालू होतं. मिक्सर घरघरत होता. खालून वर शिडीवर माणसं उभी, घमेली हातोहात वर जात होती. आठ खांब, त्यांवर लाकडी फळ्या, खाली टेकूंचं रान. उजेड फुटल्यापासून काम सुरू झालेलं, अर्धा स्लॅब ओतून झालेला. उरलेल्या अर्ध्यात लोखंडाची जाळी तशीच उघडी पडलेली. नर्सताई डोक्याला फडकं गुंडाळून पाण्याचा पाइप धरून उभ्या होत्या. इस्पितळातून खास रजा काढून आल्या होत्या.

डिंकभाऊंनी घड्याळ पाहिलं. सव्वाअकरा. त्यांनी आपली ओळख सांगितली, कागद दिला, आणि त्यांच्या पद्धतीप्रमाणे शब्दन् शब्द वाचूनही दाखवला. मिक्सरच्या आवाजात काही ऐकू जाईना, म्हणून मिस्त्रींनी तो बंद करायला लावला. ऐकून झाल्यावर मिस्त्रींनीच आधी तोंड उघडलं.

"थांबवायचं म्हणजे? आत्ता?"

"हुकूम हातात पडला की त्या क्षणापासून."

"अहो, पण हे काय भिंतीचं काम आहे का, आज चार थर, उद्या चार थर? स्लॅब एका दमात ओतावा लागतो. मध्ये सोडला की पहिला अर्धा सुकणार, दुसरा त्याला धरणार नाही. जन्मभर त्या सांध्यातून गळेल. सिमेंटला कोर्टाची तारीख कळत नाही हो!"

नर्सताईंनी कागद पुन्हा वाचला. खाली भावाचं नाव होतं तिथे त्यांची नजर अडली. त्या म्हणाल्या, "आज स्लॅब आहे हे त्याला कुणीतरी सांगितलं असणार. बरोबर आजचाच दिवस धरला." आवाज चढलेला नव्हता. मग त्यांनी मिस्त्रींकडे वळून विचारलं, "किती वेळ हातात आहे?"

मिस्त्रींनी आभाळाकडे पाहिलं. ढगाळ होतं, ऊन नव्हतं. "ओल्या गोणपाटानं कड झाकून ठेवली, तर तीन तास. फार तर सव्वातीन. त्यानंतर माझी जबाबदारी नाही."

मग मिस्त्री डिंकभाऊंना बाजूला घेऊन गेले. मिस्त्री मनानं वाईट नव्हते. त्यांना काम बिघडलेलं बघवत नव्हतं, एवढंच.

"भाऊ, एक विचारू? तुम्ही अजून आलाच नाहीत असं समजू. इथून दोन गल्ल्या सोडून चांगली खाणावळ आहे. निवांत जेवा, झाडाखाली बसा. पाच वाजता या, हुकूम द्या, पाच वाजले असं लिहा. तोवर मी स्लॅब उरकतो. कुणाचं काय बिघडलं?"

खरं सांगायचं तर कुणाचंच बिघडलं नसतं. हुकूम मिळाल्याची ताईंची सहीसुद्धा तेव्हा झालेली नव्हती. इतर कुणी असता तर कदाचित गेलाही असता जेवायला. डिंकभाऊ मात्र जागचे हलले नाहीत. त्यामागे एक कारण होतं. ते त्यांनी फक्त बायकोला आणि खूप वर्षांनी मला सांगितलं होतं.

नोकरीला लागून दुसरंच वर्ष होतं. एका पुस्तक बांधणाऱ्या कारागिराला दाव्याची नोटीस द्यायची होती. लांबचा पत्ता, सायकल पंक्चर, उन्हानं जीव नकोसा झालेला. डिंकभाऊ गेलेच नाहीत. 'दुकान बंद, नोटीस दारावर डकवली,' असं लिहून मोकळे झाले. त्या कारागिराला दाव्याचा पत्ताच नाही. तारीख आली, तो हजर नाही, निकाल त्याच्या विरुद्ध. दुकान गेलं. तो कोर्टात आला तेव्हा बाकावरच्या प्रत्येक बेलिफाला विचारत होता, "कुणी डकवली हो नोटीस? मी तर दिवसभर दुकानातच होतो." डिंकभाऊंनाही विचारलं. त्यांनी नकारार्थी मान हलवली. "तेव्हा खरं बोललो असतो, तर कदाचित निकाल फिरला असता. नोकरी जाईल म्हणून भ्यालो. पुढे तो माणूस गाव सोडून गेला. मी शोधलं, पण सापडला नाही," असं मला सांगताना ते लोखंडी कपाटाकडे बघत होते, माझ्याकडे नाही. चार शब्द काय ते खोटे लिहिले होते, पण त्या शब्दांनी त्यांचा उभा जन्म पोखरला. त्यानंतर मात्र वेळ, दार, कुत्रं, जे असेल तेच लिहायचं.

म्हणून ते मिस्त्रींना म्हणाले, "मी आलो सव्वाअकराला. मग पाच कसे लिहू?"

नर्सताईंचा संयम सुटला तो इथे. "तुमचं काय जातंय, भाऊ? कागद हातात कोंबला की तुम्ही मोकळे. इकडे माझी आयुष्यभराची कमाई वर वाळत पडली आहे!"

"जातंय ताई," एवढंच डिंकभाऊ म्हणाले आणि शिडीवर चढले.

वर जाऊन त्यांनी मिस्त्रींकडून मोजपट्टी मागितली. स्लॅब किती बाय किती, किती ओतला, किती उरला, कड कुठे थांबली, टेकू किती, मिक्सरमध्ये किती माल शिल्लक, सगळं लिहिलं. मिस्त्रींना विचारलं, "गोणपाटानं कड झाकणं हे बांधकाम झालं का?"

"छे. ते राखण झालं."

"मग झाका. 'आहे तशी ठेवायची' असंच हुकूम म्हणतो." आणि तेही लिहिलं: 'मिस्त्रींच्या मते तीन तासांत काम न झाल्यास सांधा कायमचा कच्चा राहील.' शेजारच्या सायकल दुरुस्तीवाल्याला आणि एका वाटसरूला बोलावून पंच म्हणून सह्या घेतल्या. नाझरांना फोन केला. नाझर म्हणाले, "तुम्ही तुमची अक्कल चालवू नका. हुकूम बजावला ना? परत या."

खाली उतरल्यावर ते नर्सताईंना म्हणाले, "ताई, मी थांबवू शकतो, चालू करू शकत नाही. ते फक्त न्यायाधीश करू शकतात. दुपारच्या सुट्टीआधी तातडीचा अर्ज घेतात. पहिल्या मजल्यावर, तिसरी खोली. वकील नसला तरी स्वतः उभं राहता येतं. हे मी विचारणाऱ्या कुणालाही सांगतो, तुमच्यावर मेहरबानी नाही."

नर्सताईंनी डोक्याचं फडकं सोडलं, हात धुतले आणि निघाल्या. बस एकच होती. दोघं एकाच बसमध्ये चढले. डिंकभाऊ पुढे ड्रायव्हरच्या मागे बसले, ताईंनी मागची जागा धरली. बेलिफ आणि पक्षकार एका बाकावर बसलेले कुणी पाहिले, तर उद्या वकील त्याचा डोंगर करतील, हे डिंकभाऊंना पक्कं ठाऊक. एकदा मात्र त्या उतरायच्या थांब्याआधीच उठताना आरशात दिसल्या, तेव्हा डिंकभाऊंनी समोरच्या काचेकडे बघत मोठ्यानं विचारलं, "ड्रायव्हरसाहेब, कोर्ट पुढच्या थांब्यावर ना?" ताई पुन्हा खाली बसल्या.

एक वाजायला आला तेव्हा मी कोर्टात माझ्या जागेवर होते. दारातून एक बाई आली, कोपरापर्यंत सिमेंटचे शिंतोडे, चपलांवर चिखल. अर्ज तिनं बाहेरच्या बाकावर बसून वहीच्या कागदावर लिहिला होता. अक्षर मात्र छापल्यासारखं. भावाचे वकील दुसऱ्या एका कामासाठी तिथेच थांबले होते, आणि भाऊ मागच्या बाकावर. बहीण आत आली तसं त्यानं तोंड खिडकीकडे फिरवलं.

न्यायाधीशांनी अर्ज वाचला आणि विचारलं, "बेलिफ परत आले का?"

डिंकभाऊ पुढे झाले. अहवाल वाचायला सांगितला तेव्हा त्यांनी आपल्या त्या संथ सुरात सुरुवात केली. लांबी, रुंदी, ओतलेला भाग, उघडं लोखंड, टेकू, गोणपाट. वकील मध्येच कुजबुजले, "ही काय कादंबरी आहे का?" न्यायाधीशांनी हात वर केला. "चालू द्या. मला जागा दिसते आहे."

वाचून झालं. न्यायाधीश म्हणाले, "वेळ सव्वाअकरा. तेव्हाच काम थांबलं?"

"हो साहेब. माझ्यासमोर."

"त्यानंतर एक घमेलंही नाही?"

"एकही नाही. मिक्सरमधला माल तसाच आहे."

न्यायाधीश वकिलांकडे वळले. "यांनी हुकूम पाळला आहे. आता अर्धा स्लॅब वाया गेला, तर त्यात कुणाचं भलं होतं?"

वकील उठले आणि कायद्याचे शब्द घडाघडा बोलू लागले. आज स्लॅब होऊ दिला तर उद्या भिंती मागतील, परवा राहायला येतील, मग बाहेर काढता येणार नाही. त्यांचं म्हणणं चूक नव्हतं. असे प्रकार आम्ही रोज पाहत होतो. न्यायाधीश विचारात पडले.

तेवढ्यात मागच्या बाकावरून कंडक्टर उभा राहिला. वकिलांनी खूण केली, बसा. तो बसला नाही.

"साहेब, एक विचारू का? तो सांधा खरंच गळेल?"

न्यायाधीशांनी डिंकभाऊंकडे पाहिलं. डिंकभाऊ म्हणाले, "मला त्यातलं कळत नाही. मिस्त्री तसं म्हणाले, ते मी लिहिलंय."

"त्या मिस्त्रींना मी ओळखतो. ते खोटं नाही बोलायचे," कंडक्टर म्हणाला. मग जरा घुटमळला. "साहेब, जागा माझी ठरली तर गळकं घर माझ्या गळ्यात पडणार. तिची ठरली तर… तरी गळकं नको. कुणाचंही ठरलं तरी गळकं नको."

कोर्टात कुणीतरी हसलं. न्यायाधीश हसले नाहीत, पण त्यांच्या चेहऱ्यावरचा ताण उतरला. त्यांनी मला लिहायला सांगितलं. फक्त स्लॅब आज संध्याकाळी सहापर्यंत पुरा करावा. त्यानं कुणालाही कसलाही नवा हक्क मिळणार नाही. भिंत, दार, खिडकी काही नाही. बेलिफानं समोर उभं राहून अहवाल द्यावा. बाकी मनाई हुकूम आहे तसाच. आयुष्यात एवढ्या वेगानं मी कधी टाइप केलं नव्हतं. एक शब्द चुकला तर पान बदलायला लागेल, म्हणून श्वास रोखून बसले होते. एक वाजून चाळीस मिनिटांनी सही झाली.

दोन वीसला डिंकभाऊ आणि नर्सताई पुन्हा जागेवर. मिस्त्रींनी कड खरवडून खडबडीत करून ठेवली होती, सांध्यासाठी पाण्यात कालवलेलं सिमेंट तयार होतं. मिक्सरमधला घट्ट झालेला माल काढून फेकला आणि मिक्सर पुन्हा घरघरू लागला. डिंकभाऊ एका विटांच्या ढिगाजवळ वही घेऊन उभे राहिले, ते संध्याकाळपर्यंत. मध्येच पलीकडच्या कडेला कंडक्टर येऊन उभा राहिलेला दिसला. तो आत आला नाही. कामकऱ्यांना चहा आला तेव्हा नर्सताईंनी एक पेला तिकडेही पाठवला. त्यानं तो घेतला, प्यायला, आणि पेला कुंपणाच्या खांबावर पालथा घालून निघून गेला. डिंकभाऊंच्या अहवालात हेही होतं: 'काम पाच चाळीसला संपले. वादी बाहेर उभे होते, हरकत घेतली नाही.' चहाचं तेवढं लिहिलं नव्हतं. मी विचारलं तर म्हणाले, "ते कोर्टाचं नाही."

पण गोष्ट तिथे संपत नाही. स्लॅबला पुढे दोन आठवडे सकाळ-संध्याकाळ पाणी मारावं लागतं, नाहीतर भेगा पडतात. नर्सताई दुसऱ्या दिवशी कोर्टात आल्या, डिंकभाऊंना विचारायला. "भाऊ, पाणी मारणं हे बांधकाम धरतात का?"

"मला तसं वाटत नाही. पण माझ्या वाटण्यावर जाऊ नका, साहेबांना अर्ज द्या."

अर्ज दिला, परवानगी मिळाली. संध्याकाळी त्या इस्पितळातून सुटून पाणी मारायला जायच्या. सकाळची पाळी असली की सकाळी जमायचं नाही. तरी स्लॅब दर वेळी ओला सापडायचा. त्यांना वाटलं, सायकलवाला मारत असेल. एके दिवशी पाळी बदलली म्हणून त्या सकाळीच गेल्या, तर वर भाऊ. पायजमा गुडघ्यापर्यंत दुमडलेला, हातात पाइप, कोपऱ्याकोपऱ्यात पाणी तुंबवतोय. तो जवळच राहायचा.

"तू कशाला?" त्यांनी खालून विचारलं.

"गळकं नको म्हणालो होतो ना," तो वरून म्हणाला.

"मग त्या आग्नेय कोपऱ्यात जास्त मार. तिथे उतार आहे, पाणी थांबत नाही."

"दिसतंय मला."

एवढंच बोलणं झालं. खटला काही मागे घेतला नाही कुणी. तो साडेचार वर्षं चालला. सहीची तपासणी झाली, तज्ज्ञानं 'नक्की सांगता येत नाही' असं सांगितलं. वडिलांच्या त्या चिठ्ठीवर साक्षीदार म्हणून सही केलेला औषधवाला म्हातारा होऊन विसरभोळा झाला. तारखा पडत राहिल्या. भिंती नसलेला तो स्लॅब आठ खांबांवर तसाच उभा. त्याच्या सावलीत सायकलवाल्यानं आपलं दुकान थाटायचा घाट घातला, तेव्हा नर्सताई आणि कंडक्टर दोघांनीही वेगवेगळे अर्ज दिले, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्या दोघांची मागणी एकच होती. डिंकभाऊ हुकूम घेऊन गेले. सायकलवाला म्हणाला, "भावाबहिणीचं एकमत झालं की काय?" डिंकभाऊ म्हणाले, "सध्या फक्त तुझ्याबाबतीत."

पाचव्या वर्षी नवे न्यायाधीश आले. त्यांनी दोन्ही वकिलांना बाहेर बसवलं आणि भाऊबहिणीला समोर बोलावलं. मी कोपऱ्यात होतेच. त्यांनी विचारलं, "तुम्हाला नेमकं काय हवंय?"

नर्सताई म्हणाल्या, "मला दोन खोल्या हव्यात. निवृत्त झाले की भाड्याचं घर सोडायचंय."

कंडक्टर म्हणाला, "मला कुणी विचारलं नाही. ना वडिलांनी, ना हिनं. विचारलं असतं तर मी हो म्हणालो असतो की नाही, ते मलाच माहीत नाही. पण विचारायला हवं होतं."

नर्सताईंनी मान खाली घातली. मग म्हणाल्या, "खरं आहे. विचारायला हवं होतं. तू नाही म्हणशील म्हणून विचारलं नाही."

मग नर्सताईच पुढे म्हणाल्या, "आता विचारते. स्लॅब पक्का आहे. मिस्त्री म्हणतात, वर अजून दोन खोल्या सहज पेलेल. खाली मी राहते. वर तू बांध."

पहिला प्रश्न भावानं विचारला तो असा: "जिना कुठून?"

तडजोडीचा मसुदा दोन दिवसांत झाला असता, पण जिन्यावरून आठवडा गेला. आतून की बाहेरून, उजवीकडून की डावीकडून. शेवटी बाहेरून ठरला. दोघांनी सह्या केल्या, मनाई हुकूम उठला. तो उठल्याचा कागद द्यायला डिंकभाऊच गेले, आणि त्या दिवशी मिस्त्री त्यांना बघून म्हणाले, "आज काय थांबवायचंय?"

"आज चालू करायचंय," डिंकभाऊ म्हणाले. बत्तीस वर्षांत असा कागद हातात येण्याची त्यांची ही चौथी वेळ, असं त्यांनी मला नंतर सांगितलं. मोजून ठेवलं होतं.

त्यानंतर वर्षभरात ते निवृत्त झाले. निरोपाच्या दिवशी नाझरांनी भाषणात कुत्र्याचा किस्सा सांगितला, सगळे पोट धरून हसले. पुढे एका रविवारी नर्सताईंनी आम्हा दोघांना घरी बोलावलं. डिंकभाऊंची बायकोही आली होती. बोलकी, गोल चेहऱ्याची बाई, घरी पाळणाघर चालवायची.

खालच्या दोन खोल्या नीटनेटक्या, खिडकीला पांढरे पडदे. नर्सताईंनी खुर्ची पुढे सरकवली तरी डिंकभाऊ क्षणभर उभेच राहिले. मग बसले, अगदी कडेवर. ताई म्हणाल्या, "त्या दिवशी तुमच्यावर ओरडले, ते अजून टोचतं. मी स्वतः रोज तापाचा तक्ता भरते. ताप एकशे तीन असेल तर, नातेवाईक कितीही रडले, तरी एकशे एक लिहिता येत नाही. तेव्हा मात्र मला ते सुचलं नाही."

"माणूस स्वतःच्या घरासाठी ओरडणारच," डिंकभाऊ म्हणाले. "आणि तुम्ही ओरडलात तेही मी लिहिलं नव्हतं." बायकोनं त्यांच्याकडे डोळे वटारून पाहिलं आणि हसली.

चहा झाल्यावर आम्ही बाहेरच्या जिन्यानं वर गेलो. कंडक्टरच्या खोल्यांचा गिलावा अजून ओला होता. तो आम्हाला खिडक्या, नळ, मोरी असं एकेक दाखवत होता, अगदी तिकीट फाडून दिल्यासारखं तपशिलात. तेवढ्यात खालून ताईंची हाक आली, "अरे, टाकी भरून वाहतेय! मोटार बंद कर. किती वेळा सांगायचं?"

"आज तुझी पाळी आहे!" कंडक्टर वरून ओरडला.

"माझी काल होती!"

"काल माझी होती, विचार कुणालाही!"

कंडक्टर डिंकभाऊंकडे वळला, साक्षीदार मागितल्यासारखा. डिंकभाऊंचे खांदे हलू लागले. इतक्या वर्षांत मी त्यांना असं हसताना पाहिलं नव्हतं. त्यांनी स्वतःच कोपऱ्यात जाऊन मोटारीचं बटण बंद केलं आणि कठड्यावरून खाली वाकून सांगितलं, "ताई, झाली बंद!"